पर्ल हार्बरचा छापा आणि जाणत्यांचें मौन

डिसेंबर महिन्याची ७ तारीख आली कीं जगांतल्या वर्तमानपत्रांत १९४१ सालच्या एका सकाळची आठवण निघते. त्या सकाळीं जपानी विमानांनीं हवाई बेटांतील पर्ल हार्बर बंदरावर अचानक झडप घातली आणि तेथें नांगरलेल्या अमेरिकेच्या आरमाराची दोन तासांत दाणादाण उडविली. चावडीवर किंवा दुकानाच्या ओट्यावर ही गोष्ट निघाली कीं ऐकणारांच्या डोळ्यांत कौतुक दिसतें. "काय हें धाडस! साडेतीन हजार मैल समुद्र ओलांडला आणि कोणास पत्ता नाहीं!" असें म्हणणारे पुष्कळ. धाडस होतें, हें आम्ही नाकारीत नाहीं. परंतु त्याचा जमाखर्च न मांडतां त्याची वाखाणणी करणें म्हणजे लग्नाचा थाट पाहावा आणि सावकाराच्या वहीकडे पाठ फिरवावी, तसें आहे. आज तो जमाखर्च आम्ही वाचकांपुढें मांडणार आहों.

ज्याच्या डोक्यांतून हा बेत निघाला तो मनुष्य आधीं पाहूं. इसोरोकु यामामोतो याचा जन्म १८८४ सालीं जपानांतील नागाओका या गांवीं झाला. घराणें जुन्या सामुराई लढवय्यांचें, पण ओहोटी लागलेलें. मुलगा झाला तेव्हां बापाचें वय ५६ होतें, म्हणून मुलाचें नांवच 'छप्पन्न' ठेविलें. इसोरोकु या शब्दाचा अर्थ तोच. १९०५ सालीं रशियाबरोबर त्सुशिमाची लढाई झाली, तींत त्याच्या डाव्या हाताचीं दोन बोटें गेलीं. पुढें तो अमेरिकेंत हार्वर्ड विद्यापीठांत शिकला, वॉशिंग्टनच्या जपानी वकिलातींत राहिला. तेथील मोटारींचे कारखाने आणि तेलाच्या विहिरी त्यानें स्वतःच्या डोळ्यांनीं पाहिल्या. अशा देशाशीं जपाननें हत्यार उगारूं नये, हें त्यास पुरतें उमगलें होतें. आरमारखात्याचा उपमंत्री असतांना त्यानें जर्मनीशीं दोस्ती करण्यास विरोध केला, तेव्हां जहाल मंडळींनीं त्यास जिवाच्या धमक्या दिल्या. १९३९ च्या ऑगस्टांत त्यास संयुक्त आरमाराचा सेनापति करून समुद्रावर धाडलें. दोस्तीचा तह १९४० च्या सप्टेंबरांत झालाच. त्या सुमारास पंतप्रधान कोनोये यानें विचारलें असतां यामामोतोनें सांगितलें कीं, सहा महिने किंवा वर्षभर मी धुमाकूळ घालीन, पण दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाची मला मुळींच खात्री नाहीं. तेव्हां युद्ध टाळा.

वाचकांनीं हें नीट ध्यानांत ठेवावें. पुढें जें झालें तें अडाणीपणानें झालें नाहीं. ज्यानें छापा रचला त्यासच शेवट ठाऊक होता.

मग युद्धाची पाळी कां आली? जपानचें घोडें अडलें तेलावर. १९३७ पासून जपानी फौज चीनमध्यें रुतून बसली होती. १९४१ च्या जुलैंत ती फ्रेंचांच्या ताब्यांतील इंडोचायनाच्या दक्षिण भागांत घुसली. अमेरिकेनें आपल्याकडील जपानचा पैसा अडकवून ठेविला आणि ऑगस्टपासून तेल बंद केलें. जपानचें बहुतेक तेल तर अमेरिकेंतूनच येई. आतां वाटा दोनच उरल्या: चीनमधून पाय मागें घ्यावा, नाहींतर दक्षिणेकडील डचांच्या बेटांवरचें तेल बळकवावें. पहिल्या वाटेंत मान खालीं जात होती. दुसऱ्या वाटेंत माणसें जाणार होतीं. टोकियोंतील मोठ्या लोकांनीं आपला मान राखला. १९४१ च्या ऑक्टोबरांत कोनोये गेला, लष्करांतला टोजो पंतप्रधान झाला, आणि १ डिसेंबरास बादशहासमोर भरलेल्या बैठकींत युद्धावर शेवटची मोहोर बसली.

यामामोतो याच्या आधींपासूनच कामास लागला होता. युद्ध होणारच असेल, तर अमेरिकेचें आरमार पहिल्याच दिवशीं मोडावें, असें त्यानें १९४१ च्या जानेवारींत आरमारमंत्र्यास लिहून कळविलें. मिनोरु गेंडा या तरुण वैमानिक अंमलदारानें बेताचा तपशील जुळविला. अडचण अशी कीं, पर्ल हार्बरचें पाणी सुमारें ४० फूटच खोल. टॉर्पेडो म्हणजे पाण्यांतून धांवत जाऊन जहाजाच्या पोटावर फुटणारें हत्यार. विमानांतून टाकला कीं तो आधीं शंभरएक फूट खालीं बुडी मारी, म्हणजे येथें चिखलांतच रुते. १९४० च्या नोव्हेंबरांत इंग्रजांनीं इटलीच्या टारांटो बंदरांत उथळ पाण्यांतही टॉर्पेडो चालवून दाखविले होते. त्याचा जपान्यांनीं अभ्यास केला. शेवटीं टॉर्पेडोच्या शेपटास लांकडी पंख बसविले, तेव्हां तो फार खोल न जातां सरळ धांवूं लागला. जुन्या तोफांच्या गोळ्यांना शेपट्या लावून जहाजाची जाड छावणी फोडणारे बाँब केले. कारागिरांच्या हाताची करामत म्हणतात ती ही! सुताराच्या रंध्यानें आणि लोहाराच्या हातोड्यानें जें साधलें, त्याचें नांव मात्र सेनापतींच्या खात्यावर पडलें.

आतां या गोष्टींतील मर्माकडे येऊं. राजधानींतील आरमारी मुख्य कचेरीस हा बेत जुगारासारखा वाटला व तिनें तो नाकारला. खुद्द ज्यांनीं छापा घालावयाचा, त्या नागुमोच्या गोटांतील अधिकाऱ्यांनींही यामामोतोकडे जाऊन बेत सोडण्याची विनंति केली. तेव्हां १९४१ च्या ऑक्टोबरांत यामामोतोनें आपला माणूस टोकियोस धाडून कळविलें कीं, बेत मंजूर होत नसेल तर आपण आपल्या सर्व मदतनीसांसह राजीनामा देतों. हा बार बरोबर लागला. आरमारी कचेरीचा मुख्य नागानो नमला व बेत मंजूर झाला. त्याच महिन्यांत यामामोतोनें एका जुन्या स्नेह्यास पत्र लिहिलें, त्यांत, आपल्या मताच्या अगदीं उलट काम आपणांस निश्चयानें करावें लागत आहे, अशी खंत व्यक्त केली आहे.

म्हणजे राजीनाम्याच्या धमकींत केवढें बळ आहे हें त्यास ठाऊक होतें. तें बळ त्यानें बेत पार पाडण्यासाठीं खर्चिलें. युद्ध थांबविण्यासाठीं तीच धमकी त्यानें दिली नाहीं. खरें तें मंत्र्याच्या कानांत आणि मित्राच्या पत्रांत राहिलें. ज्या आयांचीं मुलें त्या जहाजांवर चढलीं, त्यांच्या कानापर्यंत तें गेलें नाहीं.

दुसरा सेनापति चुइची नागुमो. विमानवाहू जहाजांच्या काफिल्यावर १९४१ च्या एप्रिलांत त्याची नेमणूक झाली. त्याची हयात टॉर्पेडोच्या नौकांत गेलेली. विमानांच्या कामाचा अनुभव नाहीं. पण ज्येष्ठतेच्या यादींत त्याचा क्रम आला, म्हणून जागा त्याची! ज्याचें काम त्यास द्यावें हा साधा न्याय आहे. यादी पाहून काम वांटणाऱ्यांस तो कोठेंही रुचत नाहीं.

२६ नोव्हेंबरास सहा विमानवाहू जहाजें व त्यांचा लवाजमा जपानच्या उत्तरेकडील कुरील बेटांतून निघाला. ७ डिसेंबरास, रविवारीं सकाळीं आठाच्या सुमारास, मित्सुओ फुचिदा याच्या हाताखालीं विमानांची पहिली लाट बंदरावर आली. दोन्ही लाटा मिळून सुमारें ३५० विमानें होतीं. त्याआधीं तासभर बेटाच्या उत्तर टोंकावर रडार यंत्रापाशीं बसलेल्या दोन साध्या अमेरिकन शिपायांना मोठा थवा येतांना दिसला. त्यांनीं वर कळविलें. वरच्या अंमलदारास वाटलें, आपलींच विमानें येत असतील. त्यानें काळजी करूं नका म्हणून सांगितलें. लहान माणसानें पाहिलेलें खरें मोठ्या माणसाच्या टेबलाशीं अडलें, तें असें. त्या सकाळीं २,४०३ अमेरिकन मेले. 'ॲरिझोना' या एकाच जहाजावर १,१७७ गेले. बोलणीं तोडल्याचा जपानी खलिता वॉशिंग्टनांत पोंचला तोंवर हल्ला सुरू होऊन जवळजवळ एक तास झाला होता.

जपानचीं २९ विमानें व ६४ माणसें गेलीं. एवढ्या थोडक्यांत काम झालें म्हणून टोकियोंत जयजयकार झाला. पण खातें उघडून पाहा. अमेरिकेचीं विमानवाहू जहाजें त्या दिवशीं बंदरांत नव्हतींच. तेलाच्या टाक्या भरलेल्या होत्या, त्यांस आंच लागली नाहीं. दुरुस्तीची गोदी शाबूत राहिली. तिसरी लाट न पाठवितां नागुमो परत फिरला. तेथील आठ मोठ्या युद्धनौकांपैकीं सहा दुरुस्त होऊन पुन्हां लढाईस निघाल्या. आणि जो देश युद्धांत पडावें कीं नाहीं म्हणून वाद घालीत बसला होता, तो एका दिवसांत एकजूट झाला.

सहा महिने धुमाकूळ घालीन असें यामामोतो म्हणाला होता. हिशेब बरोबर सहा महिन्यांनीं चुकता झाला. १९४२ च्या जूनमध्यें मिडवे बेटापाशीं त्या सहा विमानवाहू जहाजांपैकीं चार बुडालीं. १८ एप्रिल १९४३ रोजीं अमेरिकनांनीं गुप्त तार उलगडून यामामोतोचें विमान वाटेंतच गांठलें व पाडलें. नागुमोनें १९४४ च्या जुलैंत सैपान बेटावर स्वतःच्या हातानें जीव दिला. गेंडा मात्र युद्धानंतर जपानी हवाई दलाचा प्रमुख झाला व पुढें कायदेमंडळांतही बसला.

आमच्या देशासही या वणव्याची झळ लागली. १९४२ च्या मार्चमध्यें रंगून पडलें आणि ब्रह्मदेशचा तांदूळ यावयाचा बंद झाला. एप्रिलांत त्याच नागुमोच्या विमानांनीं कोलंबो व त्रिंकोमालीवर बाँब टाकले. त्याच दिवसांत विशाखापट्टण व काकीनाडा येथेंही जपानी बाँब पडले. १९४४ च्या मार्चमध्यें मणिपुराच्या डोंगरांत सांगशाक येथें जपानी फौजेशीं जे झुंजले, त्यांत मराठा पलटणीची चौथी तुकडी होती. टोकियोंत कोणी एक खरें बोललें नाहीं, त्याची वसुली आमच्या डोंगरी गांवांच्या पोरांकडूनही झाली.

आणखी एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. छाप्याच्या वेळीं पांच लहान पाणबुड्या धाडल्या होत्या, दर पाणबुडींत दोघे. एकही परत आली नाहीं. दहापैकीं नऊ मेले. जपान सरकारनें त्या नऊ जणांस युद्धदेव ठरवून त्यांची पूजा मांडली. दहावा, काझुओ साकामाकी, बेशुद्ध होऊन किनाऱ्याला लागला व कैद झाला. त्याचें नांव सरकारनें यादींतून गाळलें. पांच पाणबुड्यांत नऊ माणसें कशीं बसलीं, हा हिशेब शाळेंतलें पोरही विचारील. पण विचारण्याची सोय नव्हती. मेलेल्याचा देव करावा आणि जिवंत राहिलेल्याचें नांव पुसावें, हा देवपणाचा धंदा कोणाच्या सोयीसाठीं चालतो हें आमच्या वाचकांस निराळें सांगणें नलगे.

यामामोतो दुष्ट होता असें आम्ही म्हणत नाहीं. तो हुशार होता, शूर होता, धमक्यांस भ्याला नव्हता. म्हणूनच त्याची गोष्ट अधिक बोंचते. हें कर्ज फिटणार नाहीं असें मनांत पक्कें ठाऊक असतां जो बाप स्वतःच्या हातानें मांडव उभारतो आणि मांडव मात्र इतका सुबक घालतो कीं गांव पाहत राहतो, त्याच्यासारखी ही कथा आहे. आम्हीही एके काळीं तपासणीस साहेब येणार म्हणून हजेरीपट चोख आंखून ठेवीत होतों, पण शाळेच्या गळक्या छपराविषयीं तोंड उघडीत नव्हतों. आपलें काम चोख केलें कीं सुटलों, असें तेव्हां वाटे. पावसाळ्यांत भिजत तीं मुलें, आम्ही नव्हे.

यास्तव वाचकहो, गांवच्या सभेंत, जातीच्या पंचायतींत, सोसायटीच्या बैठकींत जें चुकीचें दिसेल तें तेथेंच, सर्वांच्या देखत, वेळेवर बोला. घरीं येऊन बायकोजवळ बोललेलें खरें कामास येत नाहीं.

शेवटीं एकच गोष्ट सांगून हा लेख आटोपतों. पर्ल हार्बरांत टाकलेले टॉर्पेडो नागासाकी शहराच्या उराकामी भागांतील मित्सुबिशीच्या कारखान्यांत घडले होते. ९ ऑगस्ट १९४५ रोजीं अमेरिकेचा अणुबाँब त्याच उराकामीवर फुटला आणि तो कारखाना जमीनदोस्त झाला. त्या दिवशीं तेथें सेनापति कोणी नव्हते. कामकरी होते, आणि युद्धाच्या कामास जुंपलेलीं शाळेंतलीं मुलें-मुली होतीं.