तरवडाची जमीन

भाद्रपदाची अमावास्या आली की हैदराबादच्या बरकतपुऱ्यात तरवडाच्या पिवळ्या फुलांना एकाएकी मान चढतो. तेलुगू घरांत या फुलांचे थर रचून बतुकम्मा उभी राहते. दुसऱ्या दिवशी मराठवाड्याकडील घरांत घट बसतो, त्यावर तरवडाची माळ येते. शेजारच्या दोन दारांत दोन भाषा, फूल मात्र एकच! तेलुगूत ते तंगेडू. तेलंगण राज्य २ जून २०१४ रोजी अस्तित्वात आले आणि त्याच वर्षी तंगेडूला राज्यपुष्पाचा बहुमान मिळाला.

आमच्या किनाऱ्यावरील वाचकांस तरवड फारसा परिचित नसेल. पावसाळ्यात भाजीसाठी खुडतो तो टाकळा त्याचाच भाऊबंद. दख्खनच्या मुरमाड माळावर हे ठेंगणे झुडूप कोणी न लावता वाढते. गुरेही त्याला सहसा तोंड लावीत नाहीत. त्याच्या सालीत कातडे कमावण्याचे द्रव्य विपुल. विहिरीवरची कातड्याची मोट टिकत असे ती अशाच सालींच्या बळावर. पुढे दक्षिण आफ्रिकेच्या वॅटलची साल आली, मोटा इतिहासजमा झाल्या आणि तरवड निरुपयोगी ठरला.

आमचा आक्षेप आहे तो येथे. तरवडाचा माळ सरकारी दप्तरात 'पडीक' म्हणून नोंदला जातो, आणि पडीक म्हणजे कोणीही मागावी व कोणासही द्यावी अशी जमीन! शहर पसरते तसतसे माळांचे भूखंड होतात आणि सणाचे फूल दूरच्या खेड्यांतून टोपल्यांनी आणावे लागते. फुलाला राज्यपद द्यायचे आणि त्याच्या मुळांखालची जमीन काढून घ्यायची, हा कुठला न्याय? अशा कागदी मानापमानाचा अनुभव गोमंतकासही आहे. २०१६ साली येथे माड वृक्षांच्या व्याख्येतून वगळला गेला. २०१७ साली तोच राज्यवृक्ष झाला!

हैदराबादच्या बागांत अमेरिकेहून आलेल्या पिवळ्या टेकोमाऐवजी तरवडाचे बी पेरावे, हे तर सहज होण्यासारखे आहे. पण चार वाफ्यांनी बतुकम्मा भरत नाही. शहराभोवतालच्या ग्रामपंचायतींनी निदान एकेक माळ आहे तसा राखावा आणि दप्तरातील 'पडीक' हा शब्द खोडून तेथे तंगेडूचे नाव घालावे. पावसाळ्यात फुलांनी झाकले जाणारे आपले सडे एक-चौदाच्या उताऱ्यावर कोणत्या नावाने नोंदले आहेत, हेही आमच्या वाचकांनी आपापल्या गावी एकदा पाहून यावे.