पिशवी कोणाच्या घरची?

भूकंपासाठी प्रत्येक कुटुंबाने तीन दिवसांचे पाणी, कोरडे अन्न, बॅटरी, औषधे व कागदपत्रे पिशवीत भरून दाराशी ठेवावीत, असा सल्ला दिला जातो. सल्ला चुकीचा नाही. परंतु ज्या घरची चूल रोजच्या मजुरीवर पेटते, तेथे तीन दिवसांचा शिधा बाजूला कोणी काढायचा?

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे चारच्या सुमारास किल्लारी हादरली, तेव्हा दगडमातीच्या जाड भिंती व माळवदाची अवजड छपरे झोपलेल्या माणसांवर कोसळली. पिशवी उचलण्यास अवधी कोठला? ढिगारे प्रथम उपसले ते शेजाऱ्यापाजाऱ्यांनी, हाती लागेल त्या अवजाराने. म्हणून पहारी, फावडी, घमेली, दोरखंड, प्रथमोपचाराची पेटी यांचा साठा गावाच्या मालकीचा हवा, आणि तोही पक्क्या, हलक्या छपराखाली. (किल्ली एकाच्याच खिशात राहणार असेल, तर साठा असून नसल्यासारखाच!) ताडपत्र्याही हव्यात, २०१८च्या नोव्हेंबरपासून डहाणू-तलासरीत धक्के बसू लागले, तेव्हा आदिवासी कुटुंबांना थंडीच्या रात्री उघड्यावर काढाव्या लागल्या.

हा खर्च ग्रामपंचायतीच्या अंदाजपत्रकात घालावा, असा ठराव कार्यकर्त्यांनी येत्या ग्रामसभेतच मांडला पाहिजे. शिध्याची जबाबदारी मात्र शासनाची. ती रेशन दुकानातूनच पार पडली पाहिजे.