कायद्याबाहेरचे कोण?

समुद्री चाचे म्हटले की निर्दय लुटारू डोळ्यांपुढे येतात. हे चित्र खोटे नाही. ते अपुरे आहे. १७२० च्या सुमारास अटलांटिकमध्ये वावरणाऱ्या बार्थोलोम्यू रॉबर्ट्सच्या जहाजावर प्रत्येक खलाशाला मत होते, अन्नावर सर्वांचा सारखा हक्क होता, कप्तानाला लुटीचे दोनच वाटे मिळत आणि लढाईत अपंग झालेल्यास सामायिक निधीतून भरपाई मिळे. व्यापारी जहाजांवरील चाबूक आणि बुडवलेली मजुरी सोसलेल्यांनी हे नियम केले होते. परंतु याच रॉबर्ट्सच्या माणसांनी १७२२ मध्ये पश्चिम आफ्रिकेच्या व्हायडा बंदरात खंडणी न देणारे एक जहाज साखळदंडांतील गुलामांसह जाळले. त्यांची लोकशाही स्वतःच्या जहाजाच्या काठाशी संपत होती.

नाशिक जिल्ह्यातही कायद्याबाहेर ढकललेल्यांचा इतिहास आहे. त्याचे मूळ मात्र निराळे आहे. सिन्नर तालुक्यातील नांदूर शिंगोट्याचे भागोजी नाईक पूर्वी इंग्रजांच्याच पोलिसांत होते. १८५७ मध्ये सर्वांची हत्यारे काढून घेण्याचा हुकूम निघाला, तेव्हा पन्नासएक भिल्लांसह ते डोंगरात गेले. ४ ऑक्टोबर रोजी झालेल्या चकमकीत पोलीस अधीक्षक हेन्री ठार झाला. ११ नोव्हेंबर १८५९ रोजी मिठसागरे येथे भागोजी लढताना पडेपर्यंत हा संघर्ष चालला. गावांचा आसरा असल्यावाचून मूठभर माणसे अशी दोन वर्षे टिकत नाहीत. सरकारच्या लेखी मात्र ते केवळ दरोडेखोर होते.

म्हणून कायदा कोणी मोडला, एवढेच विचारून भागत नाही. तो कोणी केला आणि करताना कोणाला विचारले, हेही विचारले पाहिजे. ज्यांच्या पूर्वजांनी रान कसले, ते वनखात्याच्या दप्तरी अतिक्रमक ठरले. २००६ च्या वनहक्क कायद्याने हा अन्याय मान्य केला; पण त्याची अंमलबजावणी मागण्यासाठी मार्च २०१८ मध्ये हजारो शेतकऱ्यांना, त्यांतही बहुसंख्य आदिवासींना, नाशिकहून मुंबईपर्यंत चालत जावे लागले. दहावीच्या परीक्षार्थींची अडचण होऊ नये म्हणून त्यांनी शेवटची मजल रात्री चालून पुरी केली. ज्यांच्याशी आपला करार नाही, त्यांच्या मुलांचीही काळजी वाहणे हीच स्वराज्याची खरी कसोटी होय. रॉबर्ट्सचे जहाज तिला उतरले नाही. कायद्याबाहेरचे ठरवलेले हे लोक उतरले. आता कसोटी शासनाची आहे.