कोर्टात ‘सॉरी’ म्हणताना

परवा भाच्याने विचारलं, “मामा, कोर्टाचा अवमान केला तरी शेवटी माफी मागून सगळे सुटतातच ना?” इंदूरच्या हायकोर्टासमोरून तो रोज कॉलेजला जातो. म्हटलं, अर्धं बरोबर आहे.

१९७१ च्या कायद्यात या गुन्ह्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा आहेत. माफी मागितली तर शिक्षा टळू शकते, पण त्या माफीने कोर्टाचं समाधान व्हायला हवं. मेख तिथेच आहे.

एक जुना खटला आपल्या जवळचाच. तेव्हा नागपूर मध्य प्रदेशची राजधानी होती आणि आपलं इंदूर वेगळ्या मध्य भारतात. नागपूर हायकोर्टात दोन वकिलांनी अशिलाच्या अर्जावर सह्या केल्या. खटला दुसऱ्या न्यायमूर्तींकडे द्या, अशी मागणी होती आणि समोरच्या न्यायमूर्तींच्या निःपक्षपणावर शंका घेतली होती. कारवाई झाल्यावर वकिलांनी आधी आपली बाजू बरोबरच असल्याचं सांगितलं आणि माफीही जोडली. दंड झाला. १९५४ साली सुप्रीम कोर्टाने बजावलं की ‘माझं बरोबर होतं’ आणि ‘मला माफ करा’ ही दोन्ही एकदम चालत नाहीत. अशिलासाठी सही केली म्हणून वकील सुटत नाही, हेही सांगितलं. पण पुढे त्यांनी बिनशर्त माफी मागितली होती, ती कोर्टाने स्वीकारली.

आजचा कायदा थोडा उदार आहे. माफी प्रामाणिक असेल, तर केवळ ती सशर्त आहे म्हणून फेटाळायची नाही.

आणि पश्चात्ताप नसेलच तर? गांधीजींनी अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशांचं पत्र ‘यंग इंडिया’त छापलं, तेव्हा मुंबई हायकोर्टात माफी मागायला नकार दिला. शिक्षा होईल ती भोगायची तयारी होती. १९२० मध्ये कोर्टाने कडक समज देऊन प्रकरण मिटवलं. मला ही वाट नागपूरच्या पहिल्या माफीपेक्षा सरळ वाटते.

अर्थात अवमान म्हणजे फक्त टीका नव्हे. निवृत्त शिक्षकाची पेन्शन द्या असा आदेश निघतो, महिने जातात, पैसे येत नाहीत. तो आदेश मुद्दाम न पाळणं हाही अवमानच. मग साहेब माफीनामा घेऊन उभे राहतात. तिथे न्यायमूर्ती आधी विचारतात ते एवढंच, “पैसे जमा केले का?”