अप्पा, तुमची नाईट किती होती?

परवा 'नटसम्राट' पुन्हा पाहिला. महेश मांजरेकरांचा, २०१६ चा, नाना पाटेकरवाला. आणि पुन्हा रडलो. नाना आणि विक्रम गोखले समोरासमोर आले की आपलं काही चालत नाही, हे कबूल. पण डोळे पुसल्यावर डोकं भणभणलं ते वेगळ्याच कारणानं.

शिरवाडकरांनी १९७० साली लिअर राजावरून बेतलेले अप्पा बेलवलकर आपली मिळकत मुलांत वाटून टाकतात आणि देशोधडीला लागतात. म्हणजे वाटायला मिळकत होती! किती नटांकडे ती असते हो? आमच्या धंद्यात प्रोजेक्ट नसलं तरी बेंचवर बसून पगार मिळतो, वर पीएफ. नटाला प्रयोग झाला तर नाईट, नाहीतर घरी बसा. गुडघे गेले की नाईट संपली. यात सुनेचा काय दोष?

सिनेमा सगळं खापर पोरांवर फोडतो आणि प्रेक्षकाला अलगद सोडून देतो. "आम्ही बुवा असे नाही" म्हणत आपण पॉपकॉर्न संपवतो.

कोणी म्हणेल, ही नात्यांची शोकांतिका आहे, अर्थशास्त्र कशाला? बरोबर. पण मग तिला नटाचं दुःख म्हणू नका. ते दुःख अजून पडद्यावर यायचंय.

आणि मी? वाशीचं भावे नाट्यगृह घरापासून रिक्षाच्या अंतरावर. शेवटचं तिकीट कधी काढलं, आठवत नाही. छळणाऱ्या पोरांच्या यादीत माझंही नाव घाला.

असो. उद्या रविवार आहे. तिकीट काढतोय.