संघ कुणाचा, हंगाम कुणाचा?

हिंगोली जिल्ह्यातल्या कुरुंद्यात बसून मुंबईच्या एका व्यावसायिक फुटबॉल संघाच्या भवितव्याची चर्चा करावी, हे अनेकांना हास्यास्पद वाटेल. ज्या गावाचे लक्ष पावसाकडे, उसाच्या तोडीकडे आणि वसमतच्या बाजारातील हळदीच्या भावाकडे लागलेले असते, जे गाव २०२२च्या जुलैत पुराच्या पाण्याखाली गेले होते, त्या गावाने अंधेरीच्या मैदानावर कोण जिंकतो आणि कोण हरतो याची उठाठेव कशासाठी करावी? प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर असे की, एखादी संस्था लोकांच्या प्रेमावर उभी राहते आणि तिची मालकी मात्र मूठभरांच्या हाती असते, तेव्हा तिचे पुढे काय होते, हे मुंबई सिटी एफसीच्या कहाणीत जितके स्वच्छ दिसते तितके दुसरीकडे क्वचितच दिसेल. आणि तो प्रश्न कुरुंद्याला परका नाही.

नवा हंगाम जवळ आला की वृत्तपत्रांची क्रीडापाने अंदाजांनी भरून जातात. आघाडीची फळी कशी आहे, बचाव भक्कम आहे की नाही, परदेशी खेळाडू कोण येणार, प्रशिक्षक टिकणार की जाणार, याचा खल सुरू होतो. या हिशेबाने पाहू गेल्यास मुंबई सिटीची कामगिरी कुणालाही हेवा वाटावा अशीच आहे. २०१४ साली स्थापन झालेल्या या संघाने २०२०-२१च्या हंगामात साखळीतील अव्वल स्थान आणि विजेतेपद ही दोन्ही एकाच वेळी पटकावली. ११ एप्रिल २०२२ रोजी रियाध येथे इराकच्या हवाई दल क्लबला २-१ असे हरवून आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये सामना जिंकणारा पहिला भारतीय क्लब होण्याचा मान त्याने मिळवला. २०२२-२३मध्ये वीस सामन्यांत ४६ गुण मिळवून तो पुन्हा साखळीत पहिला आला. ४ मे २०२४ रोजी कोलकात्यात, मोहन बागानच्या अंगणात, त्याने ३-१ असा विजय मिळवून दुसरे विजेतेपद जिंकले. पुढच्याच हंगामात तो सहाव्या स्थानावर घसरला आणि बाद फेरीत बेंगळुरूकडून पाच गोलांनी हरला. खेळात हे चालायचेच. चढउतार हा मैदानाचा धर्मच आहे आणि त्याबद्दल कुणाचीही तक्रार नाही.

परंतु २०२५ साली जे घडले ते मैदानावर घडलेच नाही. भारतीय फुटबॉल महासंघाने २०१० साली देशातील व्यावसायिक फुटबॉलचे व्यापारी हक्क पंधरा वर्षांच्या कराराने एका मोठ्या उद्योगसमूहाच्या हवाली केले होते. त्या कराराची मुदत ८ डिसेंबर २०२५ रोजी संपत होती. मुदत संपणार हे पंधरा वर्षे आधीपासून ठाऊक असूनही पुढे काय करायचे याचा निर्णय झाला नाही. जुलै २०२५मध्ये कंपनीने क्लबांना कळवले की, इंडियन सुपर लीग तूर्त स्थगित आहे. काही क्लबांनी खेळाडूंचे आणि कर्मचाऱ्यांचे पगार थांबवले. ऑक्टोबरमध्ये महासंघाने हक्कांसाठी निविदा मागवल्या. ७ नोव्हेंबर ही शेवटची तारीख उलटली तरी एकही निविदा आली नाही! ज्या लीगची वर्षानुवर्षे देशभर जाहिरातबाजी झाली, तिला बाजारात एकही गिऱ्हाईक उरले नव्हते.

आणि डिसेंबर संपता संपता मुंबई सिटीचा सर्वांत बलाढ्य मालकही निघून गेला. अबूधाबीच्या भांडवलावर चालणाऱ्या सिटी फुटबॉल ग्रुपने २०१९च्या नोव्हेंबरात या क्लबचे ६५ टक्के भागभांडवल घेतले होते. जगभरच्या क्लबांची साखळी, परदेशी तज्ज्ञ आणि शास्त्रीय प्रशिक्षण यांचे केवढे कौतुक त्या वेळी झाले होते! सहा वर्षांनी हिशेब मांडला गेला, लीगचे भवितव्य अनिश्चित दिसले आणि ग्रुपने आपले भाग मूळ मालकांकडे सोपवून काढता पाय घेतला. ज्या प्रेक्षकांनी वर्षानुवर्षे अंधेरीच्या स्टेडियममध्ये निळे झेंडे फडकवले, त्यांना कुणी विचारले का? घाम गाळून करंडक आणणाऱ्या खेळाडूंना कुणी विचारले का? विचारण्याचे कारणच नव्हते. करारपत्रात त्यांचे नावच नव्हते.

याच डिसेंबरातला एक देखावा विसरता येत नाही. करार संपून सहा दिवस झाले होते, व्यावसायिक लीगचा पत्ता नव्हता, आणि १४ डिसेंबर रोजी वानखेडे स्टेडियमवर लिओनेल मेस्सीच्या स्वागताचा सोहळा थाटात पार पडला. त्याच मंचावरून राज्य सरकारने ‘प्रोजेक्ट महादेवा’ या नावाने तेरा वर्षांखालील साठ मुलामुलींना फुटबॉलचे प्रशिक्षण देण्याची योजना जाहीर केली. त्या मुलांना आमच्या मनःपूर्वक शुभेच्छा आहेत. पण ही मुले मोठी होऊन खेळणार कुठे? एकीकडे लहानग्यांना शिखराची वाट दाखवायची आणि दुसरीकडे शिखरावर पोहोचलेल्यांना पगार कधी मिळेल ते सांगता येऊ नये, ही विसंगती त्या मंचावरील एकाही मान्यवराला बोचली नसेल काय? आमच्या खेड्यांनी असा उत्सव पूर्वीही पाहिला आहे. १५ सप्टेंबर २०१७ रोजी राज्यातील दहा लाख मुलांनी एकाच दिवशी फुटबॉल खेळावा म्हणून शाळाशाळांना चेंडू वाटले गेले. चेंडू आले, छायाचित्रे निघाली. मैदान मात्र आले नाही, शिक्षक आला नाही, आणि दुसऱ्या वर्षीची स्पर्धाही आली नाही. एका दिवसाच्या उत्सवाला चळवळ म्हणता येत नाही.

अखेर २ जानेवारी २०२६ रोजी सुनील छेत्री, गुरप्रीतसिंग संधू, संदेश झिंगन यांच्यासारख्या देशाच्या अव्वल खेळाडूंना जागतिक महासंघापुढे हात जोडावे लागले. चार दिवसांनी केंद्रीय क्रीडामंत्र्यांनी घोषणा केली आणि १४ फेब्रुवारीला, म्हणजे नेहमीपेक्षा सुमारे पाच महिने उशिरा, चौदा क्लबांची ९१ सामन्यांची आखूड साखळी सुरू झाली. हंगाम वाचला याचा आनंद आहे. पण जो हंगाम हात जोडून मिळतो, तो पुढच्या वर्षी हात जोडूनही मिळेलच याची हमी कोण देणार?

हे संकट आकाशातून कोसळलेले नाही. महाराष्ट्राच्या व्यावसायिक फुटबॉलचा इतिहास म्हणजे बंद पडलेल्या संघांची यादीच आहे. १८९१ साली मुंबईत सुरू झालेली रोव्हर्स चषक स्पर्धा या शतकाच्या आरंभी थांबली ती कायमची. कूपरेजवर खेळणारे टाटा, मफतलाल, ओर्के मिल्स या कंपन्यांचे संघ जुन्या माणसांच्या आठवणीत तेवढे उरले. महिंद्र युनायटेड २००५-०६ साली राष्ट्रीय लीगचा विजेता झाला आणि चारच वर्षांनी, २०१०मध्ये, कंपनीने तो विसर्जित केला. पुणे एफसी गेला, भारत एफसी एका हंगामात आटोपला, एफसी पुणे सिटी २०१९मध्ये बंद झाला आणि लीगमधील त्याची जागा हैदराबादला मिळाली. पुण्यासारख्या शहराने पाच वर्षांत तीन संघ गमावले! यांतला एकही संघ केवळ हरला म्हणून संपलेला नाही. महिंद्रसारखा तर करंडक जिंकूनही संपला. संघ संपले, कारण मालकाचे मन बदलले.

कुणी म्हणेल, मालकांनी पैसा ओतला, तोटा सोसला, मग मालकी त्यांची नको तर कुणाची? हा युक्तिवाद हसण्यावारी नेता येणार नाही. या लीगमध्ये क्लबमालकांचा तोटा झाला हे खरे आहे आणि परदेशी भांडवलाबरोबर प्रशिक्षणाची शिस्त आली हेही खरे आहे. पण क्लब म्हणजे केवळ नोंदणीकृत कंपनी नव्हे. त्यात मालकाचा पैसा असतो, तसे खेळाडूच्या कारकिर्दीतील मोजकी उमेदीची वर्षे असतात आणि प्रेक्षकाची वर्षानुवर्षांची निष्ठा असते. मालकाला तोटा झाला तर तो आपले भाग विकून मोकळा होतो. पंचविशीच्या खेळाडूने गमावलेला हंगाम त्याला कोणता बाजार परत देणार? ज्याचे सर्वाधिक पणाला लागले आहे त्यालाच निर्णयात स्थान नसावे, याला व्यवहार म्हणत नाहीत; अन्याय म्हणतात.

दुसरा मार्ग नाही असेही नाही. तो पाहण्यासाठी फार लांब जायला नको. कोल्हापुरात पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब यांचे संघ पेठापेठांच्या मायेवर पिढ्यानपिढ्या उभे आहेत. शाहू स्टेडियमवर स्थानिक सामन्याला जी गर्दी लोटते, ती पाहून महानगरातील क्लबांनी मान खाली घालावी. तेथेही ईर्ष्येचा अतिरेक होतो, हाणामाऱ्या होतात, हे लपवण्याचे कारण नाही. पण तेथील संघ एका माणसाच्या लहरीने बंद पडत नाही, कारण तो पेठेचा असतो. याच कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. तिकडे मिझोरामसारख्या चिमुकल्या राज्यातील ऐझॉल क्लब २०१६-१७मध्ये आय-लीगचा विजेता झाला, आणि त्याच हंगामात मुंबई एफसी तळाशी जाऊन पुढे बंद पडला. मुंबई सिटीचा कर्णधार लालियानझुआला छांगटे याच मिझोरामचा आहे. ज्या मातीत खेळ रुजलेला असतो, तीच माती खेळाडू देते.

परदेशाचाच दाखला हवा असेल तर जर्मनीचा घ्यावा. तेथे १९९८पासून व्यावसायिक क्लबांना कंपनी स्थापन करता येते. परंतु काही अपवाद सोडल्यास, निम्म्याहून अधिक मतांचा अधिकार क्लबच्या सभासदांच्या हाती राहिला पाहिजे असा नियम आहे. भांडवलाला दार उघडे आहे, पण घराची किल्ली सभासदाकडे आहे. हे तत्त्व आमच्या भागाला नवे वाटण्याचे कारण नाही. कुरुंद्याला टोकाई सहकारी साखर कारखाना उभा राहिला तो याच कल्पनेवर की, शेतकरी हा केवळ ऊस घालणारा नव्हे, तर भागधारक आहे. भाग कितीही असोत, मत एकच. महाराष्ट्राच्या सहकारात पुढे नवे सरंजामदार निर्माण झाले, हे आम्ही नाकारत नाही. तरीही वार्षिक सभेत उभे राहून ‘हिशेब दाखवा’ असे म्हणण्याचा हक्क सभासदाला कायद्याने आहे. मुंबई सिटीच्या प्रेक्षकाला तोही नाही. नरहर कुरुंदकर ज्या गावचे, त्या गावातून एवढा साधा प्रश्न तरी विचारला गेला पाहिजे.

म्हणून आमच्या मागण्या स्पष्ट आहेत. हंगामाचा पहिला चेंडू टोलवला जाण्यापूर्वी प्रत्येक मालकाने खेळाडूंच्या आणि कर्मचाऱ्यांच्या पूर्ण हंगामाच्या पगाराची रक्कम महासंघाकडे अनामत ठेवावी. क्लबच्या संचालक मंडळावर खेळाडूंचे आणि नोंदणीकृत समर्थकांचे निवडून आलेले प्रतिनिधी असावेत, आणि क्लब विकण्यापूर्वी, हलवण्यापूर्वी वा बंद करण्यापूर्वी त्यांची संमती बंधनकारक असावी. जिल्ह्याच्या साखळीतून राज्याच्या आणि राज्याच्या साखळीतून देशाच्या साखळीत केवळ खेळाच्या बळावर जाता यावे. आणि हक्कांच्या विक्रीतून जो पैसा येईल, त्याचा ठरलेला वाटा तालुक्याच्या मैदानांवर आणि क्रीडाशिक्षकांवर खर्च व्हावा.

हे होईपर्यंत नव्या हंगामातील मुंबई सिटीच्या भवितव्याचे सारे अंदाज व्यर्थ आहेत. आघाडी वेगवान असेल, बचाव अभेद्य असेल, कदाचित करंडकही येईल. पण तो करंडक ठेवायला पुढच्या वर्षी क्लब असेल की नाही, हे कुणा हिशेबनिसाच्या टेबलावर ठरणार असेल, तर त्या विजयाला अर्थ काय? कुरुंद्यातला एखादा मुलगा कापणी झालेल्या शेतात चेंडू मारतो आणि मोबाइलच्या पडद्यावर छांगटेची धाव पाहून हरखतो. वसमतहून पूर्णा आणि पूर्ण्याहून मुंबई ही वाट त्याला ठाऊक आहे. त्या वाटेच्या शेवटी त्याला मैदान मिळणार की कुलूप, हा खरा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर मालकांच्या मर्जीवर सोडून चालणार नाही.