साक्ष कोण जतन करणार?

ता. 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली. दुसऱ्याच दिवशी याच शहरातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात श्री. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा अनुबोधपट दाखविणाऱ्या विद्यार्थ्यांना मारहाण झाली. एका चित्रपटाचे इतके भय कोणाला व का वाटावे, याचा विचार प्रत्येक विचारी माणसाने केला पाहिजे.

ता. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली आणि निषेधासाठी जमलेल्या आमच्या बांधवांवर राखीव पोलिसांनी गोळ्या झाडल्या. दहा जीव गेले. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. जमाव गॅसचे टँकर पेटविणार होता, असे पोलिसांनी सांगितले. टँकर तेथून दूर उभे होते, हे पटवर्धनांनी पडद्यावर दाखविले. 2009 साली सत्र न्यायालयाने गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्यास जन्मठेप ठोठावली. पुढे तो उच्च न्यायालयातून जामिनावर सुटला. न्याय अडखळला, पण साक्ष टिकली. ती टिकविण्यास या माणसाने चौदा वर्षे दिली. पुण्याच्या कबीर कला मंचातील तरुण शाहीरही त्याच साक्षीत आहेत.

पटवर्धन आमच्या समाजात जन्मलेले नाहीत. राऊ व अच्युत पटवर्धन या स्वातंत्र्यसैनिकांचे ते पुतणे. परंतु राष्ट्राचा इतिहास म्हणजे आपल्या घराण्याची कीर्ती, असे त्यांनी मानले नाही. ‘हमारा शहर’मध्ये झोपडीवासीयांची दैना, ‘राम के नाम’मध्ये अयोध्येचा उन्माद, ‘विवेक’मध्ये दाभोलकर-पानसऱ्यांची हत्या त्यांनी मांडली. ‘जंग और अमन’ला कात्री लावण्याचा परिनिरीक्षण मंडळाचा आग्रह त्यांनी मानला नाही, 2003 साली मुंबई उच्च न्यायालयाने तो जसाच्या तसा दाखविण्यास मुभा दिली. कोणाचे मिंधे नसल्यामुळेच हे त्यांना शक्य झाले.

परंतु केवळ त्यांचे आभार मानून आपली जबाबदारी संपत नाही. आमचे दुःख नोंदविण्यास दुसऱ्याने चौदा वर्षे खर्चावी आणि आम्ही केवळ प्रेक्षक राहावे काय? आपले म्हणणे आपणच मांडावे, म्हणून बाबासाहेबांनी 1920 साली ‘मूकनायक’ काढला. 1929 चा पर्वतीचा सत्याग्रह पुण्यातच झाला. तो पाहणारे आता उरले नाहीत. 14 ऑक्टोबर 1956 रोजी नागपुरास दीक्षा घेणारे मात्र अजून थोडे आहेत. बारा वर्षांचे मूल म्हणून जो तेथे गेला, तोही आज ऐंशी ओलांडून गेला आहे. येरवड्यात, ताडीवाला रोडवर, कासेवाडीत अशी वृद्ध माणसे असतील, तर त्यांच्यापर्यंत कोण जाणार?

आज प्रत्येक तरुणाच्या खिशात कॅमेरा आहे. त्याने आपल्या आजोबा-आजीसमोर बसावे, तारीख व गाव विचारावे, त्यांचे बोलणे मध्ये न तोडता टिपून घ्यावे आणि त्याची एक प्रत विहारात ठेवावी. ज्या समाजाची साक्ष दुसऱ्याच्या हाती असते, त्याचा इतिहासही दुसऱ्याच्या मर्जीवर राहतो. हे काम उद्यावर टाकण्यासारखे नाही.